उजेडानं लिहिलेलं

माझ्या घरी एका डब्यात एक सीडी आहे. तिच्यावर मी स्वतः बॉलपेननं लिहिलंय, 'अम्मी – जात्यावरच्या ओव्या'. अक्षर वळणदार आहे. मुलानं कविता कशीही लिहावी, पण अक्षर चांगलं असावं, असा अब्बांचा आग्रह असे. त्या चांगल्या अक्षरानंच घात केला, हे मला फार उशिरा कळलं. आज तीच गोष्ट सांगायची आहे. पण ती नीट कळावी म्हणून अगोदर थोडं लांबच्या गावांना जाऊन यावं लागेल.

आमच्या घरात बोलणं दखनीत. अम्मी रागावायची दखनीत, दुआ द्यायची दखनीत. पण जात्याला बसली की मराठी! आजूबाजूच्या आयाबायांबरोबर पहाटे दळताना ज्या ओव्या तिच्या कानावर पडल्या, त्या तिच्याच झाल्या होत्या. गावात पिठाची गिरणी आली आणि जातं कोपऱ्यात गेलं. १९९१ साली मी बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला होतो, तेव्हा मित्राचा टेपरेकॉर्डर मागून आणला. जातं कोपऱ्यातून ओढून काढलं, ओंजळभर ज्वारी घेतली आणि अम्मीला बसवलं. ती लाजली. "मशीन कू सुनाने कू गाऊं क्या रे?" म्हणाली. मग खुंटा हातात आला आणि ती मशीन विसरली. तासभर गायली. शेवटी शेवटी तिनं आम्हा भावंडांची एकेकाची नावं ओवीत गुंफली. सगळ्यात शेवटी माझं, कारण मी धाकटा.

१९९८ साली अम्मी गेली. कॅसेट ऐकून ऐकून घासटत चालली होती. म्हणून २००३ साली शहरातल्या एका दुकानात जाऊन मी ती सीडीवर उतरवून घेतली. दुकानातला मुलगा म्हणाला, "सर, आता शंभर वर्षं बघायला नको." मी निर्धास्त झालो. सीडी आहे म्हटल्यावर कॅसेट कशाला हवी? ती मुलांना खेळायला दिली. तिची फीत अंगणातल्या पेरूच्या झाडाला गुंडाळलेली मी पाहिली होती आणि हसलो होतो.

२०१९ साली बरसीला आपा आली. "अम्मीचं लाव की रे," म्हणाली. सीडी यंत्रात घातली. यंत्र घरघरलं, थांबलं, पुन्हा घरघरलं. जातं फिरल्याचा आवाज, पण पीठ पडेना, तसं झालं. पहिल्या काही ओव्या आल्या. मग आवाज तुटू लागला, आणि जिथं आमची नावं यायची होती तिथं नुसती शांतता.

मी मराठी घेऊन बी.ए. झालेला माणूस. विज्ञानाशी संबंध दहावीला सुटला. पण त्या रात्री वाटलं, आपल्या घरात काय मेलं ते निदान समजून तरी घ्यावं. तेव्हापासून जमेल तसं वाचत आलो.

माझी समजूत होती की उजेडानं आवाज लिहिणं ही अगदी अलीकडची करामत. तसं नाही. टेलिफोनवाले अलेक्झांडर ग्रॅहॅम बेल यांच्या वॉशिंग्टनमधल्या व्होल्टा प्रयोगशाळेत १८८४-८५ च्या सुमारास हा प्रयोग झाला होता. त्यांचे चुलतभाऊ चिचेस्टर बेल आणि चार्ल्स सम्नर टेंटर हे त्यांचे सहकारी. फोटोच्या काचेसारखा लेप दिलेली काचेची तबकडी फिरवायची, आणि आवाजानं थरथरणारा प्रकाशाचा झोत तिच्यावर सोडायचा. काचेवर आवाजाची वळणं उमटत. या तबकड्या स्मिथसोनियन संस्थेकडे जपून ठेवल्या गेल्या. पण त्या वाजवायचं यंत्र सोबत नव्हतं. सव्वाशे वर्षं त्या काचा मुक्या राहिल्या. हा धागा मनात ठेवा, पुढं त्याच्याकडे यायचं आहे.

पुढं बोलपट आला, तोही उजेडाच्याच लेखणीनं. फिल्मच्या कडेला एक अरुंद पट्टी असे. तिच्यावर आवाज कमी-जास्त काळोखाच्या रूपात छापलेला असे. प्रोजेक्टरमधला दिवा त्या पट्टीतून आरपार जाई आणि त्याचा पुन्हा आवाज होई. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक सिनेमात अर्देशीर इराणी यांचा 'आलम आरा' लागला, तेव्हा लोकांनी ऐकला तो असा उजेडानं लिहिलेला आवाज. आणि त्या पहिल्या भारतीय बोलपटाची आज एकही प्रत उपलब्ध नाही. ज्यानं आपल्या सिनेमाला वाचा दिली, त्याचीच वाचा गेली.

या दोन्ही प्रकारांत आवाजाची हुबेहूब सावली काढली जाई. सावलीवर ओरखडा पडला की आवाजावर ओरखडा पडे. पुढची उडी अशी होती, की आवाजाची सावली काढायचीच नाही. आवाज अंकांत मोजायचा, आणि फक्त ते अंक लिहून ठेवायचे. अमेरिकेत वॉशिंग्टन राज्यातल्या रिचलंड गावी बॅटेल संस्थेच्या प्रयोगशाळेत जेम्स रसेल नावाचे भौतिकशास्त्रज्ञ होते. संगीताचे मोठे शौकीन. सुईनं घासून घासून आपल्या तबकड्या झिजतात, याचं त्यांना दुःख. झीज कमी व्हावी म्हणून त्यांनी सुईऐवजी निवडुंगाचा काटासुद्धा लावून पाहिला होता. १९६५ च्या सुमारास त्यांच्या मनात आलं, की तबकडीला काही टेकवायचंच नाही, वाचायचं ते नुसत्या उजेडानं. अंक उजेडानं लिहायचे, उजेडानं वाचायचे. १९७० मध्ये त्यांना त्याचं पेटंट मिळालं. सीडीचा जनक कोण, यावर पुष्कळ वाद आहेत आणि एकट्याला ते श्रेय देणं बरोबरही नाही. पण झिजणाऱ्या तबकडीसाठी हळहळलेला हा माणूस मला जवळचा वाटतो.

यासाठी हवा होता अगदी बारीक, शिस्तीत चालणारा उजेड. तो १९६० मध्ये जन्माला आला होता. थिओडोर मायमन यांनी त्या वर्षीच्या मे महिन्यात कॅलिफोर्नियातल्या मालिबू इथं पहिला लेझर चालवून दाखवला होता. हॉलंडमध्ये आइंडहोव्हनच्या फिलिप्स प्रयोगशाळेत क्लास कोंपान आणि पीट क्रामर यांनी १९६९ पासून या उजेडानं वाचता येईल अशा चित्रचकतीवर काम सुरू केलं. १९७२ मध्ये त्यांनी ती लोकांना दाखवली आणि १९७८ च्या डिसेंबरात अमेरिकेतल्या अटलांटा शहरात तिची विक्री सुरू झाली. चकती जेवणाच्या ताटाएवढी, सुमारे ३० सेंटिमीटरची. वाचणाऱ्या यंत्रात वायू भरलेली लेझरची नळी. हीच लेझरडिस्क. बाजारात तिची फारशी डाळ शिजली नाही, पण पुढच्या सगळ्याचा पाया तिनं घातला.

इथं मला एक माणूस भेटला आणि मी चकित झालो. त्यांचं नाव लू ओटेन्स. बेल्जियममधल्या हॅसेल्टच्या फिलिप्स कारखान्यात त्यांच्या हाताखालच्या मंडळींनी छोटी कॅसेट तयार केली, जी १९६३ मध्ये बर्लिनच्या प्रदर्शनात मांडली गेली. आणि तेच ओटेन्स पुढं सीडीच्या कामातही आघाडीवर होते. म्हणजे १९९१ साली अम्मीचा आवाज ज्या वस्तूत गेला आणि २००३ साली ज्या वस्तूत त्याचं स्थलांतर झालं, त्या दोन्हींच्या मुळाशी एकच माणूस होता. २०२१ च्या मार्चमध्ये ते वारले. फिलिप्सनं सीडीसाठी आधी ठरवलेला व्यास ११.५ सेंटिमीटर होता, कारण कॅसेटचा कर्ण जवळपास तेवढाच असतो. म्हणजे सीडीला तिचा आकारसुद्धा कॅसेटकडून वारशानं यायचा होता.

तो तसा आला नाही, कारण मध्ये जपान आला. फिलिप्स आणि सोनी यांनी १९७९-८० मध्ये एकत्र बसून सीडीचे नियम ठरवले. सोनीचे नोरिओ ओगा हे गायनाचं रीतसर शिक्षण घेतलेले गृहस्थ. १२ सेंटिमीटरसाठी सोनी अडून बसली. बेथोव्हेनची नववी सिंफनी एका चकतीवर मावावी म्हणून ७४ मिनिटं आणि १२ सेंटिमीटर ठरले, अशी एक गोड कथा जगभर सांगितली जाते. पण त्या बैठकांत असलेले फिलिप्सचे केस इम्मिंक यांनी नंतर लिहिलं, की त्यात धंद्याचं गणितही होतं. ११.५ सेंटिमीटरच्या चकत्या काढायची तयारी फिलिप्सच्या बाजूच्या जर्मन कारखान्याकडे आधीपासून होती. आकार बदलला की दोघेही एका रेषेवर येणार! कवीला पहिली कथा आवडते, पण खरं ते सांगायला हवं.

१७ ऑगस्ट १९८२ रोजी जर्मनीत हॅनोवरजवळच्या लांगेनहागेनच्या कारखान्यातून सीड्या बाहेर पडू लागल्या, आणि १ ऑक्टोबरला जपानमध्ये सोनीचं पहिलं सीडी यंत्र दुकानात आलं.

आता या चकतीवर लिहिलेलं असतं तरी कसं? वरून ती आरसा दिसते. त्या आरशात एक वळणावळणाची रेघ असते. ती आतल्या बाजूनं सुरू होते आणि बाहेर जाते, ग्रामोफोनच्या तबकडीच्या अगदी उलट. या रेघेची दोन वळणं एकमेकांपासून १.६ मायक्रॉनवर, म्हणजे एका केसाच्या जाडीत चाळीसेक वळणं बसतील. सगळी रेघ सरळ केली तर पाच किलोमीटरच्या वर जाईल. रेघेवर असंख्य खळगे असतात, त्यांची खोली सुमारे मीटरच्या कोटीव्या भागाएवढी. सपाट जागेवर पडलेला लेझर नीट परत येतो. खळग्याशी आला की त्याच्याच लाटा एकमेकींना मारतात आणि उजेड मंद होतो. यंत्र फक्त उजेडातला हा बदल पाहतं. खळगा म्हणजे शून्य आणि सपाटी म्हणजे एक, असं मी समजत होतो. तसं नाही. सपाटीवरून खळग्यात उतरताना किंवा खळग्यातून वर येताना जी कड लागते, ती एक. बाकी सगळं शून्य.

आणि या शून्य-एकांना वृत्त असतं! हे वाचलं तेव्हा मी खुर्चीतून उठलो. आपण लघु-गुरूंनी ओळ बांधतो. गझल लिहिणारे बहर सांभाळतात. तसा इथं नियम आहे, की दोन 'एकां'च्या मध्ये निदान दोन शून्यं हवीत, आणि दहाहून जास्त चालायची नाहीत. 'एक' फार जवळजवळ आले तर लेझरला ते वेगळे दिसत नाहीत, त्यांचा चिखल होतो. शून्यं फार लांबली तर यंत्राचा ताल सुटतो, आपण किती मात्रा मोजल्या हे त्याला कळेनासं होतं. म्हणून मूळ आठ अंकांचा प्रत्येक गट चौदा अंकांच्या गटात बदलून लिहितात, म्हणजे नियम मोडत नाही. ही छंदरचना इम्मिंक यांची. तिच्यामुळं चकतीवर खळग्यांच्या आणि सपाट्यांच्या फक्त नऊच लांब्या असतात. नऊ लांब्यांत जगातलं सगळं संगीत! अम्मी अशिक्षित होती. तिची ओवी कुठल्या वृत्तात बसवायची म्हटली तर चारी बाजूंनी सांडायची. पण सीडीवर जाताना ती इतक्या कडक वृत्तातून गेली होती.

दुसरी गंमत अशी, की लिहिलेलं चुकणार हे गृहीत धरूनच सीडी लिहितात. अमेरिकेतल्या अर्व्हिंग रीड आणि गुस्ताव सॉलोमन या गणितज्ञांनी १९६० मध्ये पाच पानांचा एक निबंध लिहिला होता. मूळ अंकांबरोबर काही जास्तीचे अंक असे जोडायचे, की मधले काही पुसले गेले तरी उरलेल्यांवरून ते शोधून काढता यावेत. ओवीतला एखादा शब्द ऐकू आला नाही तरी यमकावरून बायकांना तो कळतो, त्यातलाच हा प्रकार. शिवाय जवळचे अंक रेघेवर लांब लांब विखरून ठेवतात, म्हणजे एका जागी ओरखडा आला तरी नुकसान थोडं थोडं वाटलं जातं. त्यामुळं रेघेच्या दिशेनं सुमारे अडीच मिलिमीटरपर्यंतची जखम सीडी पूर्ण भरून काढते. त्यापलीकडे मात्र तिचा इलाज नाही.

मग अम्मीच्या सीडीचं काय झालं?

एक तर ती कारखान्यात ठोकून काढलेली सीडी नव्हती. कारखान्यातल्या सीडीवर खळगे प्लॅस्टिकमध्येच छापलेले असतात. दुकानात 'राइट' करून मिळणाऱ्या सीडीत खळगे नसतात. १९८८ मध्ये जपानच्या ताइयो युदेन कंपनीनं आणलेल्या या प्रकारात आरशाखाली रंगाचा एक पातळ थर असतो. निळसर-हिरवी झाक दिसते ती त्याचीच. लेझर त्या रंगाला जागोजागी भाजतो आणि भाजलेली जागा खळग्यासारखी वागते. पण जो रंग उजेडानं बदलतो, तो दुसऱ्या उजेडानंही बदलू शकतो. उन्हानं, उष्णतेनं, दमटपणानं तो हळूहळू फिका पडतो, आणि भाजलेलं-न भाजलेलं यातला फरक पुसट होत जातो. माझी सीडी काचेच्या कपाटात, पश्चिमेच्या खिडकीसमोर, सोळा वर्षं उन्हं खात होती. येणाऱ्या-जाणाऱ्याला दिसावी म्हणून मी ती तिथं ठेवली होती.

दुसरं कारण माझ्या हातचं. आपण सीडीची खालची, चकचकीत बाजू जपतो. पण त्या बाजूला सव्वा मिलिमीटरच्या आसपास जाडीचं प्लॅस्टिक असतं. खरा नाजूक भाग वर असतो. नाव लिहायच्या बाजूला आरशाचा थर, आणि त्याच्यावर लाखेसारखा एक पातळ लेप, बस्स. अमेरिकेच्या राष्ट्रीय मानक संस्थेनं ग्रंथपालांसाठी एक पुस्तिका काढली होती. तिच्यात बजावलेलं आहे, की सीडीवर बॉलपेननं लिहू नका, टोकानं थर दबतो. पुस्तिकेचं साल २००३. त्याच वर्षी मी बॉलपेन दाबून दाबून, बाहेरच्या कडेला, कमानीसारखं वळण देत अम्मीचं नाव लिहिलं होतं. मघाशी म्हटलं, सीडी आतून बाहेर वाचली जाते. म्हणून आतल्या, सुरुवातीच्या ओव्या वाचल्या. शेवटच्या, आमच्या नावांच्या ओव्या बाहेरच्या कडेला होत्या, नेमक्या माझ्या अक्षरांखाली. अडीच मिलिमीटरची जखम भरते, पण माझं अक्षर त्याहून मोठं होतं.

एवढं कळल्यावर मी दुकानातल्या त्या मुलाला दोष देणं सोडलं. कंपन्याच शंभर वर्षांच्या गोष्टी करत होत्या, तो बिचारा ऐकलेलं सांगत होता.

पण मित्रहो, चकती शाबूत असली म्हणजे आवाज शाबूत, असंही नाही. इंग्लंडमध्ये १०८६ साली पहिल्या विल्यम राजानं गावोगावची जमीन, गुरंढोरं, माणसं यांची मोजणी करवली होती. तिचा ग्रंथ म्हणजे 'डूम्सडे बुक'. १९८६ मध्ये त्याला नऊशे वर्षं होणार म्हणून बीबीसीनं नवं डूम्सडे काढलं. शाळेतल्या मुलांनी आपल्या गावाबद्दल लिहिलं, फोटो काढले. दहा लाखांहून जास्त माणसांचा हात लागला. हे सगळं लेझरडिस्कच्या दोन चकत्यांवर घातलं. वाचायला खास यंत्र आणि खास संगणक लागत. ते महाग होते, शाळांना परवडले नाहीत, आणि थोड्याच वर्षांत दोन्ही काळाआड गेले. २००२ च्या सुमाराला अशी अवस्था आली, की नऊशे वर्षांपूर्वीचा कातड्यावरचा ग्रंथ कुणीही तज्ज्ञ उघडून वाचू शकत होता, आणि सोळा वर्षांपूर्वीच्या चकत्या वाचायला यंत्र मिळेना. चकत्या ठणठणीत होत्या. वाचणारा उरला नव्हता.

आपल्याला हे नवीन वाटायला नको. पुण्याच्या पेशवे दप्तरात मोडी कागदांचे रुमालच्या रुमाल बांधलेले आहेत. कागद टिकला, शाई टिकली. मोडी वाचणारे मात्र दर पिढीला कमी होत गेले. लिहिलेल्याला दोन मरणं असतात. एक कागदाचं आणि दुसरं वाचणाऱ्याचं. उजेडाच्या लिखाणानं पहिलं मरण लांबवलं असेलही, पण दुसरं फार जवळ आणून ठेवलं.

नव्या डूम्सडेचं पुढं बरं झालं. लीड्स आणि मिशिगन विद्यापीठांतल्या मंडळींनी त्या मेलेल्या संगणकाची नक्कल नव्या संगणकात उभी केली आणि २००२ मध्ये चकत्यांतला मजकूर पुन्हा दिसू लागला. २०११ मध्ये गावागावाचा भाग बीबीसीच्या संकेतस्थळावर आला. कुणीतरी खपलं म्हणून ते वाचलं.

असाच खपणारा आणखी एक माणूस, कार्ल हेबर. कॅलिफोर्नियातल्या बर्कली प्रयोगशाळेतले कणभौतिकीचे अभ्यासक. २००० साली त्यांनी रेडिओवर ऐकलं, की जुनी ध्वनिमुद्रणं वाजवली तर तुटतील आणि नाही वाजवली तर कुणाला ऐकायला मिळणार नाहीत, असा पेच पडला आहे. रेडिओवर बोललेलं कुणीतरी ऐकतं आणि कामाला लागतं, हे आज इथं बोलताना मला फार बरं वाटतं! हेबर आणि त्यांचे सहकारी सूक्ष्म यंत्रातून अणूंचे तुकडे मोजत असत. त्यांनी तीच नजर तबकडीच्या खाचांकडे वळवली. न टेकता, फक्त उजेडानं खाचांचं चित्र घ्यायचं आणि संगणकावर त्याचा आवाज करायचा. २००८ मध्ये त्यांच्या प्रयोगशाळेत, जुन्या ध्वनींच्या काही अभ्यासकांच्या पुढाकारानं, एक काजळीचा कागद ऐकला गेला. पॅरिसच्या एदुआर-लेओं स्कॉट यांनी १८६० मध्ये त्याच्यावर गाण्याची नुसती रेघ काढली होती. ती ऐकता येईल असं खुद्द स्कॉटनाही वाटलं नव्हतं. आणि २०११ मध्ये बेल यांच्या त्या मुक्या काचाही बोलल्या. सव्वाशे वर्षांनी! एका काचेवर कुणी पुरुष इंग्रजी बालगीत म्हणतोय.

सीडीनंतर उजेडाची लेखणी बारीक होत गेली. डीव्हीडीला तांबडा लेझर लागला. पुढं शुजी नाकामुरा यांनी जपानमधल्या निचिया कंपनीत निळा उजेड साधला आणि त्या जोरावर २००६ मध्ये ब्लू-रे बाजारात आली. लाट जितकी आखूड, तितका खळगा लहान. सीडीवर ६५० मेगाबाइटच्या आसपास मजकूर मावे, ब्लू-रेच्या एका थरावर २५ गिगाबाइट. पण तोवर लोकांचा जीव चकतीवरून उडाला होता. घरात 'राइट' करायच्या ब्लू-रे चकत्यांचं उत्पादन सोनीनं २०२५ च्या फेब्रुवारीत थांबवलं. नव्या लॅपटॉपला सीडी घालायची फटच नसते. आणि आता संशोधक परत काचेकडे गेले आहेत. इंग्लंडमधल्या साउदॅम्प्टन विद्यापीठात पीटर कझान्स्की यांच्या चमूनं शुद्ध काचेच्या आत लेझरनं लिहिलं. मायक्रोसॉफ्टनं २०१९ मध्ये हातात मावेल अशा काचेच्या चौकोनात १९७८ चा 'सुपरमॅन' चित्रपट साठवून दाखवला. अशी काच हजारो वर्षं टिकेल म्हणतात. टिकेलही. बेल यांची काचसुद्धा टिकली होती. अडलं होतं ते वाचायला.

माझी गोष्ट संपवतो. भाच्यानं दोन-तीन जुनी यंत्रं मिळवली आणि खटपट करून सुरुवातीच्या वीसेक मिनिटांच्या ओव्या काढून दिल्या. शेवटच्या मिळाल्या नाहीत. मग आपाला म्हटलं, तुला आठवतात का? ती जातं नसतानाच भिंतीला टेकून बसली, डोळे मिटले आणि एकेक नाव घेत गेली. थोरल्यापासून धाकट्यापर्यंत. शब्द सगळे होते. आवाज आपाचा होता. मी ऐकत राहिलो. जे परत आलं ते मोठं होतं, आणि जे नाही आलं तेही तेवढंच मोठं होतं.

आता त्या ओव्या तीन घरांत तीन ठिकाणी ठेवल्या आहेत, आणि आम्ही एक रिवाज पाडला आहे. दर बरसीला सगळ्यांनी बसून त्या पूर्ण ऐकायच्या आणि तेव्हा जे नवं साधन चालत असेल त्याच्यावर पुन्हा उतरवून घ्यायच्या. आपाची नात यंदा मध्येच गुणगुणायला लागली. तिला अर्थ कळत नाही, चाल कळते.

ती सीडी मी कपाटातून काढून लाकडी डब्यात, अंधारात ठेवली आहे. ती कधी वाचली जाईल का? रंग उडालाय, थर दबलाय, जाणकार मान हलवतात. पण काजळीच्या रेघेतून गाणं निघेल, असंही कुणाला वाटलं नव्हतं. आणि टाकून देण्याची चूक मी एकदा केली आहे. दुसऱ्यांदा करणार नाही.

(नभोवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)